शेरा

जप्तीच्या रजिस्टरात सात रकाने आहेत.
सहा मी भरले होते ती यायच्या आधीच:
बांबू, जुने, नग एकशे चाळीस.
दोरी, गुंडाळलेली, वजन अंदाजे.
जाळी, फाटकी. दगड, भोक पाडलेले, नऊ.
ठिकाण खारदांडा, सार्वजनिक जागा.
सातवा रकाना शेऱ्याचा. तो कोणी भरत नाही.

गोमीबाई टपके बाकावर बसली नाही.
म्हणाली, वाच.
मी वाचलं.
म्हणाली, ह्यात माझं काय हाय?

बांबू नाय, वलांडी ती. बोंबलाच्या जबड्यात बोंबलाचा जबडा
अडकवून टांगायची, वाऱ्याची बाजू बघून उभी केलेली.
दोरी नाय, नांगराचा दोर. वळला कोणी, विचार तरी.
आणि फाटकी कशी? विणायला काढलेली.
डोलीचा खोला हाय तो, मुठीएवढ्या जागेत गाठी मोज.

आणि दगड?

दगड दगडच, बाय. पण भोक माझ्या नवऱ्यानं पाडलंय.

मी खोडून पुन्हा लिहिलं. खाडाखोडीला साहेबांची सही लागते.
साहेब उद्घाटनाला गेले होते,
वलांड्या होत्या त्याच जागी:
आता तिथे प्लास्टिकचं गवत आणि लोखंडाचा एक लाल बदाम,
त्यात उभं राहून फोटो काढायचा.

नोटीस दिलेली? तिनं विचारलं.
नोटीस होती. चिकटवल्याचा फोटोसुद्धा होता,
सार्वजनिक शौचालयाची भिंत, पुरुषांची बाजू.
तारीख गुरुवारची.
ट्रक आला होता मंगळवारी.
मी त्या तारखेवर बोट ठेवलं, तिनं ते बोट पाहिलं,
आणि बराच वेळ आम्ही दोघी पंख्याचा आवाज ऐकत राहिलो.

पंच क्रमांक एक: ट्रकचा ड्रायव्हर.
पंच क्रमांक दोन: त्याचा मेहुणा, राहणार भिवंडी.

जागा कोणाची ते तरी सांग, ती म्हणाली.
भरतीला दर्याची, ओहोटीला तुमची.
मधल्या ओल्या पट्ट्यात
मी कोणाला अर्ज करू?

गोदाम पुलाखाली.
उसाचा चरक, इस्त्रीवाल्याचं टेबल, अर्धं नाव उरलेली एक पाटी,
त्या सगळ्याच्या खाली तिचं जाळं.
तिनं ते ओढलं नाही. आधी वाकून हुंगलं.
मग कोपरापासून बोटापर्यंत मोजत गेली
आणि जिथे ब्लेड चाललं होतं तिथे थांबली.
साडेतीन हात. लिही.

शिपाई म्हणाला, मावशी, दंड भरा आणि घेऊन जा,
मोजत काय बसलात.
दंड गुन्ह्याचा असतो रे, ती म्हणाली, मान वर न करता.
गुन्हा वाचून दाखव. मग भरते.

खोल्याच्या टोकाला एक बोंबील राहिला होता,
काडी झालेला, मुंग्यांनी डोळे नेलेले.
तो तिनं सोडवला, माझ्या उघड्या पानावर ठेवला.
ह्यो पण लिही. नग एक.

लिहिला.
आणि शेऱ्यात, वळणदार अक्षर काढायचा प्रयत्न करत:
मालकीण हजर. उचलण्यापूर्वी तिचं म्हणणं ऐकलेलं नाही.

साहेबांनी पान उघडलं, नाकाला रुमाल लावला,
म्हणाले, ठेवून जा, बघतो.

पावती अजून द्यायची आहे.
उद्या ओहोटी पावणेबाराला, जाताना ती म्हणाली,
त्याच्या आधी येते.