पावशेर

उस्कर घाटाच्या वर, जिथे बर्फ निळं पडतं,
तिथून तो उतरतो. घोड्याएवढा, पण आरपार.
पोटात दिसतं काल चरलेलं शेवाळ,
आणि फार आत, छातीपाशी, एक मधमाशी;
कुठल्या काळातली, कुणास ठाऊक.

चालतो तेव्हा टापा वाजत नाहीत,
पेल्याला पेला लागतो तसं काहीतरी.
कुत्री भुंकत नाहीत. माना खाली घालतात.

थोरुन वाण्याच्या बापाने त्याला धोंडा मारला होता.
कानाचा टवका उडाला.
तो टवका अजून दुकानात आहे,
पावशेराचं माप म्हणून.

मी तिथे मीठ तोलते.
तो खाली आला की त्या रात्री माप जड होतं,
गिऱ्हाइकाला मीठ जास्त जातं.
थोरुन ओरडतो, हात सैल सुटलाय तुझा, इल्वे!

काल दार उघडं राहिलं.
राहिलं म्हणजे, मीच ठेवलं.
तो उंबऱ्यापर्यंत आला,
उरलेला कान टवकारला,
तराजूकडे बघितलं बराच वेळ.
मग गोणीला जीभ लावून निघून गेला.

पावशेर जागच्या जागी.
फक्त हाताला ऊन लागतं आता,
नुकतंच कुणी उठून गेलेल्या
अंथरुणासारखं.