पाव फेरा

गच्चीवरचा मेन व्हॉल्व्ह बंद करायचा
तर आधी सोळा घरांची परवानगी.
कागद घेऊन मी जिने चढले, उतरले:
‘रविवारी अकरा ते बारा पाणी नसेल.
खोली २३१ चं काम आहे.’
चौथ्या मजल्यावर ताम्हाणेबाईंनी चष्मा पुसला,
“तुमच्या एका नळासाठी आम्ही सगळ्यांनी कोरडं बसायचं?”
हो, म्हटलं. तेच तर बदलायचंय.

खालच्या वाघुलकरांनी लगेच सही केली.
त्यांच्या छतावर माझ्या ओट्याखालच्या गळतीचा डाग आहे.
मार्गशीर्षापासून दर पंधरवड्याला
ते स्टुलावर चढतात,
डागाच्या कडेनं पेन्सिल फिरवतात, तारीख घालतात.
एकाबाहेर एक, नऊ रेघा झाल्यात,
वाढत चाललेलं बेट.
भांडण नाही, टोमणा नाही,
चहा देतात
आणि वर बघतात.

निरंजन बेहेरा केंद्रपाड्याचा.
त्याच्या गावात म्हणे घरटी एक प्लंबर,
आणि त्याच्या अंगणात अजून हापसाच.
कन्नमवारनगरात वीस वर्षं काढलेली त्याची मराठी
शब्दाच्या शेवटी जरा गोल होते.
“बाई, बॅटरी धरा.”

ओट्याखाली अंगठ्याएवढा पांढरा पाइप.
गंजके लोखंडी काढले तेव्हा घातलेला.
“हा वेटोळ्यात येतो ना दुकानात,
वेटोळं विसरत नाही.
सरळ करा, सोडा, परत वळतो.”
ह्यांची बदली, सासूबाईंचं आजारपण, मग ह्यांचंही,
पंचवीस वर्षं ह्या ओट्यापाशी उभी होते मी.
बॅटरी जरा हलली.
“इकडे, बाई. उजेड इकडे.”

कात्री काटकोनात, एकाच दाबात.
तिरका कापला तर पाणी तिरकंच शोधतं.
आत राहिलेलं ओंजळभर पाणी
त्याच्या मनगटावरून कोपरापर्यंत गेलं
आणि बनियनला पुसलं गेलं.
पितळी नट. त्यामागे चिरलेली अंगठी.
मग पाइपाच्या पोटात एक इवलीशी नळी सरकवली,
“मऊ आहे ना, आतून आधार द्यायचा.
नंतर बाहेरून आवळायचा.”
हे कुठेतरी लिहून ठेवावंसं वाटलं,
पण हातात बॅटरी होती.

मी टेपची गुंडाळी पुढे केली.
दुकानदारानं तीन गळ्यात मारल्या होत्या.
त्यानं मान हलवली.
इथे अंगठीच पाणी धरते.

पाऊण वाजता गच्चीवरून वॉचमनचा पोरगा ओरडला, “सोडलं!”
पंचेचाळीस मिनिटं उशीर. वरून ताम्हाणेबाईंची बादली आपटलेली ऐकू आली.
पाइप आधी खोकला,
मग थुंकला,
मग भरला.
दुसऱ्या नटाखाली एक थेंब फुगला.
निरंजननं पाना लावला आणि नखाएवढा फिरवला, बस.
“जास्त आवळलं तर चिरतं. मग गळतं ते कायमचं.”
थेंब लोंबला,
विचार करत राहिला,
पडला नाही.
खाली वर्तमानपत्र पसरलं.
चहा झाला, त्याच्या मुलीच्या बारावीचं बोलणं झालं.
‘वधू पाहिजे’चा अख्खा रकाना कोरडा राहिला.

रात्री दिवा न लावता ओट्याखाली हात घातला.
लाल दांडी पाइपाच्या रेषेत असली की चालू,
आडवी केली की बंद.
वडाला सूत गुंडाळत
इतक्या वर्षांत किती फेरे झाले, मोजले नाहीत.
हा तर पाव.
केला बंद.
वरचा नळ सोडून पाहिला: एक धार, एक थेंब,
मग काही नाही.
सोळा घरांत कुणालाच कळलं नाही.
परत चालू केला.
परत बंद.
तीनदा तरी केलं असेन.

पंधरा दिवसांनी वाघुलकरांनी वर बोलावलं,
म्हणजे खाली. स्टूल मांडलेलंच होतं.
डाग होता तिथेच, कडेनं पिवळा, मध्ये सुकत आलेला.
ते चढले, पेन्सिल टेकवली,
जराशी वाट पाहिल्यासारखे थांबले,
आणि दहावी रेघ नवव्या रेघेवरूनच ओढली.
“जाड दिसेल,” म्हणाले.
मी स्टूल धरून होते.
त्यांनी तारीख घातली.