शेऱ्याचा रकाना

सातपूरच्या कारखान्यात, सायकल स्टँडच्या पत्र्याखाली
आम्ही मतदान मांडलं. दोन टेबलं, एक पेटी,
कँटीनमधून मागून आणलेला पडदा,
त्याला अजून फोडणीचा वास.
कामगार उपायुक्त कार्यालयातून मी आणि शिपाई धात्रक,
शाईची बाटली माझ्या पर्समध्ये, पोळीच्या डब्याला टेकून.

या खेपेला झेंडे नव्हते.
कामगारांनीच ठरवलेलं: पॅनल नको, पक्ष नको,
गेटबाहेरच्या कुठल्याच साहेबाचा फोटो नको.
चिठ्ठीवर नुसती दोन नावं आणि दोन चित्रं,
किटली नि पाना.

तरी पहिल्या पाळीतला एक जण चिठ्ठी उलटसुलट करत होता.
"ताई, ही कुणाची?"
"कुणाचीच नाही."
"आणि हा?"
"हाही नाही."
पडद्यामागे तो बराच वेळ उभा राहिला.
रंग नसला की माणसाला
नाव वाचावं लागतं.

मग आला मधुकर गांगुर्डे, पॉवर प्रेस, विभाग तीन.
मी सवयीने म्हणाले, डावा हात, तर्जनी.
त्याने हात पुढे केला.
तर्जनी नव्हती.
उलट मलाच सांभाळून घेतल्यासारखा म्हणाला,
"मधल्याला लावा. मागच्या वेळीही मधल्यालाच."
नियमात तशी सोय आहे. हे बोट नसेल तर शेजारचं,
तेही नसेल तर त्याच्या शेजारचं.
नियम करणाऱ्याला ठाऊक असणार.
मी शाई लावली, शेऱ्याच्या रकान्यात लिहिलं:
तर्जनी नाही, मधले बोट.

दुपारपर्यंत हेच मी नऊदा लिहिलं.
एकदा: मधलेही नाही, अनामिका.
चौथ्यांदा अक्षर बिघडलं.
सहाव्यांदा धात्रक चहा घेऊन आले,
वहीत डोकावले, कप ठेवून गेले.
विभाग तीन. विभाग तीन. विभाग तीन.

किटलीवाली यमुना भोये, मूळची पेठकडची,
राहायला श्रमिकनगरात.
तिने एकही भाषण केलं नाही म्हणे.
जेवणाच्या सुट्टीत डबा घेऊन ज्याच्या त्याच्या शेजारी बसायची
आणि विचारायची:
प्रेसच्या तोंडाची जाळी कुणी काढली,
कधी काढली,
तेव्हा तासाला किती नग जास्त निघाले?
एवढंच. मग लोणचं पुढे करायची.

एकवीस मतांनी आली.
गुलाल कुणी आणलाच नव्हता,
कुणाच्या नावाने उधळायचा ते ठरेना.
एकाने हार आणलेला, तो पेटीवरच राहिला.

मी लाख विरघळवत होते तेव्हा ती टेबलापाशी आली.
"ताई, त्या वहीची नक्कल मिळेल का?
सगळी नको. शेऱ्याचा रकाना तेवढा."
मागच्या खेपेला ती प्रतिनिधी म्हणून
याच टेबलामागे दिवसभर बसली होती, वहीकडे बघत.
मी म्हणाले, रीतसर अर्ज करावा लागेल.

अर्ज तिने लिहूनच आणला होता.
चार घड्या घातलेला, खाली सही,
वर तारखेची जागा तेवढी मोकळी.
माझंच पेन मागितलं तिने.