आरशातला फळा

उत्तरेश्वर पेठेत माझं सलून.
समोर वाचनालय, मधे आठ पावलांची गल्ली,
आणि वाचनालयाच्या भिंतीला तो फळा.
एकतीस वर्षं रोज सकाळी सातला
तवनाप्पा मगदूम त्यावर सुविचार लिहायचे.
अक्षर असं, की बघणाऱ्यानं चप्पल काढावी.

छापखान्यात खिळे जुळवणारा माणूस.
शिशाची उलटी अक्षरं बोटांनी वाचायचा.
खिळे गेले, छापखाना गेला,
भाऊसिंगजी रोडला त्या जागी
आता मोबाइलची कव्हरं मिळतात.
आप्पांनी खडू धरला.
वादळ, दिवा, गरुड, जिद्द,
कुठल्या कुठल्या पुस्तकांतून वेचून आणायचे
आणि खाली कुणाचं नाव घालायचे नाहीत.
म्हणायचे,
"नाव दिसलं की माणूस मान डोलावतो,
वाक्य वाचत न्हाई."

माझ्या गिऱ्हाइकाचं तोंड आरशाकडं,
फळा त्याच्या पाठीमागं.
म्हणजे एकतीस वर्षं या पेठेनं
गालाला साबण लावून
धैर्य उलटं वाचलं.

आरसाही तसलाच.
खुर्चीच्या हातावर पुराचं पाणी चढलं, त्या साली
खालून वीतभर पारा गेला त्याचा.
नवीन बसव म्हणतात लोक.
मी म्हणतो, राहू दे,
पाण्याची सही हाय ती.

गेल्या दिवाळीनंतर आप्पांचा उजवा हात गेला.
होता तिथंच, खांद्याला लागून.
ऐकत नव्हता.
सीपीआरला मी दाढी करायला गेलो
तर अर्धा चेहरा हसला,
अर्ध्यानं नुसतं बघितलं.
फळा कोरा.
कुणीतरी त्यावर 'खोली भाड्यानं देणे आहे' चिकटवलं.
मी नखानं खरवडून काढलं.
माझं शौर्य तेवढंच.

डाव्या हातचा मळ, म्हणतो आपण.
तो मळ किती चिवट
ते तीन महिने त्यांच्या पडवीत बघितलं.
मांडीवर नातवाची पाटी,
पाटीवर एक 'अ',
पद्मावती काकी पुसायच्या,
परत एक 'अ',
'अ'चा कान कधी पोटात, कधी पाटीबाहेर.
बोलताना शब्द अडकायचे आप्पांचे.
शिवी मात्र पहिल्या दिवसापासून स्पष्ट.
काकी म्हणायच्या, देवानं नेमकं तेच ठेवलं बघा.

आणि फाल्गुनात, एका बुधवारी, सातला
कुबडी भिंतीला टेकवून
आप्पा फळ्यापुढं उभे.
अर्धा तास लागला.
दूधवाला थांबला, शाळेची पोरं थांबली,
कुणी हसलंही, खोटं कशाला सांगू.
अक्षरं सगळी उलटी.
डावा हात आपल्याच वाटेनं निघाला होता,
उजवीकडून डावीकडं,
आणि खिळे जुळवलेल्या माणसाला
ते सरळच दिसत होतं.

माझ्या खुर्चीत कुंभारांचं बारकं पोरगं.
मान खाली घाल म्हटलं तर घालेना.
आरशात बघत
एकेक अक्षर जोडून मोठ्यानं वाचलं त्यानं:
"आज एवढंच."

कात्री हवेतच राहिली माझी.
बाकावर चौघं बसलेली.
पेपरचं पान कुणी उलटलं नाही.
एकतीस वर्षांत पहिल्यांदा
माझ्या आरशात काहीतरी सुलट आलं होतं.

खाली अजून एक ओळ होती.
ती गेलेल्या पाऱ्यात पडली होती,
पाण्याच्या सहीत.
पोराला तसंच अर्ध्या केसांवर सोडून
मी गल्ली ओलांडली.
आप्पा घामानं भिजलेले, सदऱ्यावर पांढरी भुकटी.
उलट्यावर बोट ठेवत ठेवत वाचलं:

"खडू आणणे."

दुपारी दोन पेट्या घेऊन आलो.
एक रंगीत.