हजेरीपटातली लीग

शाळा बंद व्हायची होती. मुलं उरली होती चौदा,
आणि कोरे हजेरीपट सतरा.
तेवढ्यात बोस्त्यांव आला, बोटीवरचा कुक,
हातांना कांद्याचा जुना वास.
"मास्तर, तुमचं अक्षर बरं. आमची लीग लिहा."

मी पेडण्याकडचा. मला फुटबॉल म्हणजे
दुसऱ्यांच्या पोरांच्या सुजलेल्या नडग्या.
पण तो ओट्यावर बसला, आणि बसलाच.
सांतुश बंदरात त्याची बोट साखरेसाठी अडकली होती
बावन्न दिवस. रविवार आला की तो मैदानात.
त्या देशात म्हणे राज्याराज्याची आपापली लीग असते,
जगात कोण जिंकलं याची तिला फिकीर नाही,
शेजारच्या गावाला हरवलं
की वर्षभर मिशांना तूप.
"तश्शी करूया. आठ वाडे. प्रत्येकाशी दोनदा,
एकदा आपल्या शेतात, एकदा त्यांच्या."

विद्यार्थ्याच्या नावाच्या जागी मी वाड्याचं नाव घातलं.
जिंकला तर 'ह', हरला तर 'गै'.
बरोबरीला काय लिहावं सुचेना,
'उशिरा' लिहिलं.

कापणी झाली. खाजनात भाताची खुंटं उरली,
अनवाणी पायाला दाभणासारखी.
चुना महाग, म्हणून रेषा चुलीतल्या राखेच्या.
कॉर्नरला एक म्हैस बांधलेली असायची, तिला कोणी हलवलं नाही,
डाव्या बाजूचे सगळे तिच्याशी जमवून घेऊन खेळले.

बांधवाड्याचा गोली कायतान रेंदेर.
पोटऱ्या माडाच्या, पंजे सुपाएवढे,
पण दिवस कलला की त्याचा जीव वर, सुरेच्या मडक्यांत.
त्याला सोडायचं म्हणून मॅच लवकर संपवायची,
नाही संपली तर तो पोस्ट सोडून सरळ चालू लागायचा,
मागे गोल पडत राहायचे.
माझ्या पटात बांधवाडा: गै, गै, उशिरा, गै.
फेब्रुवारीत शाणू खारवी ट्रॉलरवरून परतला.
त्यानंतर ह. ह. पुन्हा ह.
माझं अक्षर जरा तिरकं होऊ लागलं,
मी ओरडत ओरडत लिहीत होतो.

शेवटची मॅच, इगर्जेवाडा विरुद्ध बांधवाडा.
शिगम्याची पुनव, नदीला उधाण.
एकास एक. बोस्त्यांवच्या घड्याळात अकरा मिनिटं बाकी,
आणि पायणी धावत आला, मुंडासं हातात:
"बांद फुटलो रे!"

आधी राखेची रेषा गेली.
मग पेनल्टीची जागा.
खारं पाणी काही घाई नसल्यासारखं आत आलं
आणि बॉल तरंगू लागला, एकटाच, सेंटरच्या दिशेने.
बांधवाडा चिखल उपसायला धावला.
इगर्जेवाडा काठावर उभा राहून वाद घालत राहिला,
मैदान सोडलं म्हणजे हरले की नाही.
मग त्यांचाच गोली उतरला. त्याचं एक कुणगं होतं तिथे.
त्याच्यामागून चारपाच जण.
बाकीचे नाही उतरले, हेही लिहून ठेवायला हवं.
मी पट डोक्यावर धरून कमरेएवढ्या पाण्यात.
कायतान चिखलाचे गोळे झेलत होता,
एकही सुटला नाही.
सूर्य बुडाला, माडांवर मडकी तशीच,
पहिल्यांदा त्याने वर पाहिलं नाही.

कमिटीने ठरवलं: उरलेली अकरा मिनिटं पुढच्या रविवारी.
त्या रविवारी शेत ओलं होतं.
पुढच्या रविवारी शाणूची ट्रॉलर निघाली.
मग बोस्त्यांवला बोटीचं बोलावणं आलं,
घड्याळ त्याच्याबरोबर गेलं.

जूनमध्ये साहेब आले, शाळा मोजून बंद करायला.
सोळा कोरे पट बाजूला ठेवले, सतरावा उघडला.
त्याला मिठाच्या पाण्याची लाट वाळलेली.
चष्मा पुसून बराच वेळ वाचत राहिले.
शेवटच्या रकान्यात काही नव्हतं,
त्याबद्दल त्यांनी विचारलं नाही. खाली सही केली: तपासले.
"हा बांधवाडा कोण? याची हजेरी बरी दिसत नाही."
"शेवटी शेवटी सुधारत होता," मी म्हणालो.