साचा

राजारामपुरी, आठवी गल्ली, पहिला मजला.
खाली सायकलवाल्याचा पंप सुस्कारे टाकतो,
वर मी लोकांची स्वप्नं उतरून घेते.
तासाला साडेसातशे. पावती मिळते.

कृष्णात गुरुवारी येतो, शिफ्ट सुटल्यावर.
उद्यमनगरात मोल्डर. नखांत काळी वाळू.
खुर्चीच्या कडेवर टेकतो, दुसऱ्याची असल्यासारखा.
तीन रात्री एकच स्वप्न, म्हणाला:
भट्टीत सगळं वितळलंय,
एक काळा दगड तेवढा तसाच.
"हात लावला, डाक्टर. गार.
आन् त्यानं वळून बघितलं.
तोंड न्हवतं त्याला, तरी बघितलं."

मी वहीत लिहिलं: आदिबंध. माता, बहुधा.
आई कधी गेली, विचारलं.
"जित्ती हाय की. पाचगावात. दूध घालती."
मी 'बहुधा'खाली रेघ मारली.

मग समजावलं, कागदावर वर्तुळ काढून:
मनाच्या तळाशी काही आकार असतात,
आपल्या जन्माच्या आधीचे,
सगळ्यांचे मिळून, रिकामे.
तो पहिल्यांदाच हसला.
"म्हंजे साचा की ओ!"
आणि वाळू किती ओली हवी,
नमुना कसा अलगद उपसायचा, कड न ढासळता,
हे हातांनी सांगत राहिला वीस मिनिटं.
फी त्यानंच दिली.

दारात थांबला.
"साचा आत हाय, पटलं.
पर रस कुठनं आला,
ते साच्याकडं बघून कळत न्हाई.
वहीत आसंल तर सांगा."

वहीत नव्हतं.

नोव्हेंबरात मी देवळात गेले. कशाला, कोण जाणे;
आमच्या घरी देव्हाऱ्याच्या कोनाड्यात रेडिओ असायचा.
गाभाऱ्यातले दिवे मालवले.
महाद्वारातून मावळतीचं ऊन आत शिरलं,
उंबरे ओलांडत, माणसांच्या मधून,
पायांशी, गुडघ्यांशी,
कमरेशी थबकलं.
ढग आला म्हणे. किंवा कुणाची नवी गच्ची.
मी मनात नोंद सुरू केली:
गर्दी, अंधार, अपेक्षा, प्रक्षेपण,
आणि तळहाताला गार लागलं.
हातात काहीच नव्हतं.
शेजारची बाई पदरानं नाक पुसत म्हणाली,
"ऱ्हाऊ दे. उद्या चढंल वर."

त्या गुरुवारी कृष्णात आला नाही.
फोन केला. मागं ग्राइंडर कर्कशत होता.
"स्वप्न थांबलं, डाक्टर. बरं वाटतंय.
जरा चुकल्यागत बी वाटतंय."
पुढचा प्रश्न माझ्या वहीतला नव्हता:
किती गार होता तो दगड?

ग्राइंडर बंद झाला.
"तुमाला बी लागला व्हय?"