झाकणावरचा संत

ऑस्लोत नोव्हेंबरच्या दुपारी तीन वाजता
उजेड आवराआवर करतो,
दुकान बंद करणाऱ्या माणसासारखा, गिऱ्हाइकाकडे न बघता.
आम्ही सुरुवातीला चौघं होतो,
माझा डावा गुडघा धरला तर पाच.
लिस्बनचं जोडपं पहिल्याच पुलावर कॉफीच्या वासामागे गेलं,
छत्रीवाली बाई कुठे गळली कळलंच नाही.

ऑडवार वर बघतच नाही.
राजवाडा, नगरभवनाचे बुरूज, घंटा —
"ते पुस्तकात आहे," म्हणतो, "आणि पुस्तक तुझ्या हॉटेलात."
एकतीस वर्षं महापालिकेच्या गटारखात्यात.
शहर त्याला खालून पाठ आहे,
शिंप्याला कोटाचं अस्तर असावं तसं.

काठीने टकटक करतो लोखंडी झाकणावर:
"हा हालवार."
बसलेला एक संत, एका हातात तीन बाण,
दुसऱ्यात जात्याची तळी.
मी झटकन पाय मागे घेते.
सवय; कुणाला पाय लागला की हात आपोआप निघतो.
तो हसतो. "ठेव पाय. त्याच्यावरून ट्राम जाते.
अजून तरी रागावलेला नाही."

मग गोष्ट, तुकड्यातुकड्यांत,
सिग्नल लागला की थांबणारी.
एका गरोदर बाईवर चोरीचा आळ.
धावत आली, याने तिला होडीत घेतलं.
मागून माणसं आली.
हिरवा. चला.
बाण मारले. बाईचं काय झालं
ते ऑडवार सांगत नाही, मान हलवतो.
याच्या गळ्यात तळी बांधून फियॉर्डमध्ये सोडला.
"आणि तरंगला. दगडासकट.
मी काही चर्चला जाणारा नाही, पण एवढं पटतं.
गटारात राबलेल्या माणसाला ठाऊक असतं,
बुडवलेलं वर येतं."

आमच्याकडे गळ्यातली धोंड म्हणतात, मी सांगते,
नकोशा ओझ्याला.
पुष्कळदा मुलीला.
तो थांबतो. शब्द तोंडात घोळवून पाहतो.
धोन. धोन्द.
ओठांवर बर्फ ठेवल्यासारखा.

वाटरलांदला नदी जमिनीत शिरते.
आकेर्सेल्वा. इथवर गिरण्यांनी तिला राबवलं,
शिडाचं कापड, खिळे, पीठ,
आता स्टेशनाखालून, रुळांखालून, अंधारातून तिची वाट.
"इथून पुढे विश्वासावर चालायचं," म्हणतो,
आणि बसथांब्याजवळ एका झाकणापाशी टोपी काढतो.

इथे अंगठी पडली. लग्नाला चौथा महिना.
हातमोजा काढला, बोट गारठून बारीक झालेलं,
आवाजसुद्धा नाही झाला.
घरी गुडनी पाव मळत होती.
ऐकून घेतलं, स्वतःची काढली,
याच्या करंगळीत घातली.
म्हणाली, माझी तशीही पिठात रुतते.
"बेचाळीस वर्षं दोघं एकाच अंगठीत राहिलो."
"जागा पुरली?" मी विचारलं आणि जीभ चावली.
"पुरली की," तो म्हणाला.
"आता जरा सैल होते."

ऑपेराच्या पांढऱ्या उतारावर लोक चढत होते फोटोंसाठी.
आम्ही बाजूला, जिथे नदी बाहेर पडते तिथे.
काही विशेष घडलं नाही अशा थाटात ती आली,
काळी, सोबत एक बदक,
चिप्सची एक रिकामी पिशवी.
तो पाण्याकडे बघत राहिला.
किती वेळ, मी मोजला नाही.
मग म्हणाला, संपलं. पैसे आधीच मिळालेत.
आणि पुढच्या वेळी बूट बरे घालून ये.

रात्री हॉटेलच्या दारात झाकण. संत भिजलेला.
आजूबाजूला कुणी नाही बघून
मी दोन्ही पाय ठेवून त्याच्यावर उभी राहिले.
खाली पाणी चाललेलं,
जात्याच्या घरघरीसारखं,
पण दळण कुणाचं ते कळेना.
वाकून हात लावायचा तेवढा राहिला.
तो मग लिफ्टमध्ये,
दार बंद झाल्यावर,
कपाळाला लावला.